एकाच मिळकतीवर दोन दावे: दुसरा दावा थांबवायचा कसा

बहिणीची तारीख पुण्याला, भावाची कोरेगावला. वडील तेच, जमीन तीच, भांडण ज्या हक्कसोडपत्रावरून पेटले तेही तेच. तरी दोन वकील, दोन वकीलपत्रे, दोन ठिकाणच्या नकला, आणि महिन्यातून दोनदा एस.टी.चा प्रवास. दिवाणी वकिली करताना अशी घरे वरचेवर भेटतात. पहिला प्रश्न ठरलेला असतो: "साहेब, एकच भांडण दोन कोर्टांत चालतेच कसे? एक दावा काढून टाकता येणार नाही का?"

काढून टाकता येत नाही. थांबवता मात्र येतो, आणि त्याची वाट दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ च्या कलम १० मध्ये आहे. ती वाट बरीच अरुंद आहे. पुष्कळ अर्ज फेटाळले जातात ते कायदा विरोधात असतो म्हणून नव्हे, तर दोन्ही दावे शेजारी ठेवून नीट वाचलेच नव्हते म्हणून.

समजायला सोपे जावे म्हणून एकच कल्पित उदाहरण शेवटपर्यंत वापरतो. वडील वारले. मागे सातारा जिल्ह्यातल्या कोरेगाव तालुक्यातली शेतजमीन आणि पुण्यातली सदनिका. थोरल्या भावाने मार्च २०२२ मध्ये कोरेगावला दावा लावला. बहिणीने जमिनीतला हिस्सा हक्कसोडपत्राने सोडला आहे, ते कायदेशीर आहे असे जाहीर करून मिळावे आणि तिला वहिवाटीत हरकत करण्यास मनाई व्हावी, ही त्याची मागणी. बहिणीने ऑगस्ट २०२२ मध्ये पुण्याला दावा लावला. हक्कसोडपत्र फसवून घेतले, ते आपल्यावर बंधनकारक नाही, आणि जमीन व सदनिका दोन्हींचे वाटप करून मिळावे, ही तिची मागणी.

दोघांनीही चुकीच्या कोर्टात दावा लावलेला नाही, हे आधी लक्षात घ्या. कलम १६ प्रमाणे मिळकत जिथे असेल तिथे दावा चालतो, आणि कलम १७ प्रमाणे मिळकती वेगवेगळ्या कोर्टांच्या हद्दीत असतील तर त्यांतल्या कोणत्याही एका हद्दीत दावा लावता येतो. दोन दावे उभे राहण्याची मुभा कायद्यातच आहे. म्हणून "तिने दुसरा दावा लावलाच कसा" यावर ताकद घालवू नका. कलम १० दावा दाखल करण्याला आडवे येत नाही, ते फक्त त्याच्या सुनावणीला आडवे येते.

कलम १० काय सांगते

साध्या भाषेत असे: ज्या मुद्द्यावर दावा उभा आहे तोच मुद्दा, प्रत्यक्ष आणि मुख्यत्वेकरून, आधी दाखल झालेल्या दुसऱ्या दाव्यातही असेल, दोन्हीकडचे पक्षकार तेच असतील, किंवा त्यांच्याकडून हक्क सांगणारे असतील, ते त्याच नात्याने भांडत असतील, आणि आधीचा दावा भारतातल्या अशा कोर्टात प्रलंबित असेल ज्याला मागितलेली दाद देण्याचा अधिकार आहे, तर नंतरच्या दाव्याची सुनावणी कोर्टाने पुढे चालवायची नाही.

या अटी सगळ्या एकत्र जुळाव्या लागतात. चार जुळल्या आणि पाचवी हुकली तर कलम १० लागू होत नाही. पण सगळ्या जुळल्या तर कोर्टाला पर्याय राहत नाही, सुनावणी थांबवावीच लागते. सुप्रीम कोर्टाने हे १९६२ मध्येच स्पष्ट केले आहे (ए.आय.आर. १९६२ सुप्रीम कोर्ट ५२७). त्या प्रकरणात आधीचा दावा आसनसोलला होता, नंतरचा इंदूरला, आणि इंदूरच्या कोर्टाने पक्षकाराला आसनसोलचा दावा चालवू नका अशी मनाई केली होती. सुप्रीम कोर्टाने ती मनाई उठवली. आधीचा दावा त्रास देण्यासाठी लावला आहे असे कितीही वाटले, तरी कलम १० मध्ये त्याला अपवाद नाही.

पहिले काम: कागद गोळा करा

अर्ज लिहिण्याआधी दोन्ही दाव्यांची सत्यप्रत हातात हवी. पक्षकाराच्या तोंडी माहितीवर कलम १० चा अर्ज कधीच लिहू नये. दोन्ही दाव्यांचे वादपत्र (वादीचा मूळ दावा-अर्ज), कैफियत (प्रतिवादीचे लेखी उत्तर), दाखल असेल तर निशाणी ५ चा, म्हणजे तात्पुरत्या मनाईचा अर्ज आणि त्यावरचा हुकूम, कोर्टाने काढलेले मुद्दे, आणि रोजनामा (तारखेनिहाय कामकाजाची नोंद), एवढ्याच्या प्रमाणित नकला काढा. दावा ऑनलाइन पाहायचा तर ई-कोर्ट्सच्या संकेतस्थळावर किंवा ॲपवर १६ अक्षरी सी.एन.आर. क्रमांक टाकला की तारखा, पक्षकार आणि टप्पा दिसतो. सी.एन.आर. ठाऊक नसेल तर पक्षकाराच्या नावाने शोध घ्या. भावाचे, बहिणीचे, वारलेल्या वडिलांचे, आणि ज्याला मिळकत विकल्याची चर्चा आहे त्या खरेदीदाराचेही नाव टाकून पाहा. तिसरा दावा सापडण्याची वेळ याच टप्प्यावर येते, आणि ती सुनावणीच्या दिवशी येण्यापेक्षा आत्ता आलेली बरी.

संकेतस्थळावरची छापील प्रत कोर्टात पुरावा म्हणून टिकेल यावर विसंबू नका. ती शोधासाठी. अर्जाला जोडायची ती नक्कल विभागाची प्रमाणित नक्कल.

आधीचा दावा कोणता, हे तारखेने ठरवा

ई-कोर्ट्सवर दोन तारखा दिसतात: दाखल केल्याची आणि नोंदणीची. यांत अंतर असू शकते, कारण दावा तपासणीत अडकतो, कोर्ट फी कमी पडते, शिरस्तेदार त्रुटी काढतात. कलम १० साठी महत्त्वाची तारीख वादपत्र कोर्टात सादर केल्याची, दाव्याला नंबर पडल्याची नव्हे. कलम २६ आणि आदेश ४ नियम १ प्रमाणे दावा वादपत्र सादर केल्याने सुरू होतो. कमी पडलेली कोर्ट फी कोर्टाच्या परवानगीने नंतर भरली, तरी कलम १४९ प्रमाणे ती सुरुवातीलाच भरल्यासारखी धरली जाते.

समन्स आधी कुणाला मिळाले, कैफियत आधी कुणी दिली, पुरावा कुठे सुरू झाला, यांपैकी कशानेही आधीचा दावा ठरत नाही. पक्षकारांना हे पटायला वेळ लागतो. "माझा दावा पुढे गेलाय, त्याचा तर अजून समन्सही निघाला नाही" असे ते म्हणतात. तरीही तारीख तीच.

आधीच्या दाव्याचा निकाल लागून त्यावर अपील चालू असेल, तरी तो प्रलंबितच मानला जातो, कारण अपील हे त्याच दाव्याचे पुढचे पाऊल. कलमात सुप्रीम कोर्टाचा उल्लेख आहे तो याच अर्थाने. परदेशातल्या कोर्टातला दावा मात्र मोजला जात नाही. दुबईत किंवा लंडनमध्ये राहणाऱ्या भावाने तिथे काही कार्यवाही लावली, तर तेवढ्यावर इथला दावा थांबणार नाही.

आता दोन वादपत्रे शेजारी ठेवा

खरा वेळ इथे द्या. एक मोठा कागद घ्या, मधे रेघ मारा. डाव्या बाजूला आधीचा दावा, उजवीकडे नंतरचा. प्रत्येक बाजूला मिळकतीचे वर्णन (गट नंबर, क्षेत्र, चतुःसीमा, शहरात असेल तर सिटी सर्व्हे नंबर), हक्काचा पाया (वारसा, खरेदीखत, साठेखत, मृत्युपत्र, हक्कसोडपत्र), कोर्टाला ठरवावा लागणारा नेमका प्रश्न, आणि शेवटी मागितलेली दाद, असे उतरवा. मग स्वतःला एकच विचारा: आधीच्या दाव्याचा उद्या अखेरचा निकाल लागला, तर त्या निकालाने नंतरच्या दाव्यात ठरवायचे काही शिल्लक राहते का?

ही माझी युक्ती नव्हे. नॅशनल इन्स्टिट्यूट ऑफ मेंटल हेल्थ अँड न्यूरो सायन्सेस, अर्थात बंगळूरच्या निमहान्सच्या प्रकरणात ((२००५) २ एससीसी २५६) सुप्रीम कोर्टाने हीच मूळ कसोटी सांगितली: आधीच्या दाव्यातला अखेरचा निर्णय नंतरच्या दाव्यात पूर्वन्याय ठरेल का, म्हणजे तोच मुद्दा तिथे पुन्हा उघडता येणार नाही असे होईल का? आणि दोन्ही कार्यवाहींचा संपूर्ण विषय एकच असेल तरच कलम १० लागू होते, एखादा मुद्दा सारखा असणे पुरत नाही.

आपले उदाहरण या कसोटीला लावून पाहा. हक्कसोडपत्राचा मुद्दा दोन्हीकडे आहे, अगदी मुळाशी आहे. कोरेगावच्या कोर्टाने ते खरे ठरवले तर पुण्यातला निम्मा दावा कोसळेल. पण हक्कसोडपत्र फक्त शेतजमिनीचे आहे. सदनिकेत बहिणीचा हिस्सा किती, हे कोरेगावच्या दाव्यात कुणी विचारलेलेच नाही. भाऊ हरला काय, जिंकला काय, सदनिकेचे वाटप शिल्लक राहणारच. म्हणजे संपूर्ण विषय एक नाही. भावाने पुण्याला कलम १० चा अर्ज दिला तर तो फेटाळला जाण्याचीच शक्यता जास्त, आणि माझ्या मते फेटाळलाच पाहिजे.

आता उदाहरणात एकच बदल करा. समजा भावाने कोरेगावला लावलेला दावा वाटपाचाच आहे, जमीन आणि सदनिका दोन्ही त्यात आहेत, आणि सगळे वारस पक्षकार आहेत. मग बहिणीचा पुण्याचा दावा सरळ कलम १० मध्ये येतो. वाटपाच्या दाव्यात प्रत्येक पक्षकार एकाच वेळी वादीही असतो आणि प्रतिवादीही. बहिणीला जे पुण्यात मागायचे आहे ते ती कोरेगावला कैफियतीत मागू शकते, आपल्या हिश्श्यापुरती कोर्ट फी भरून. हक्कसोडपत्र बंधनकारक नाही, हेही ती तिथेच म्हणू शकते. वेगळा दावा लावल्याने तिचा हिस्सा वाढत नाही, फक्त खर्च वाढतो.

मुंबईच्या भाडेकरू-मालक वादातला २०१३ चा निकाल ((२०१३) ४ एससीसी ३३३) इथे आवर्जून वाचावा. मालकाने भाडेकरूविरुद्ध घर रिकामे करून मागण्याचे एकापाठोपाठ दावे लावले होते. इमारत एक, पक्षकार तेच, आणि जागेचा वापर होत नाही हे कारणही सारखेच. खालच्या कोर्टाने नंतरचा दावा थांबवला. सुप्रीम कोर्टाने ती स्थगिती उठवली, कारण जागा वापरात नसल्याचा काळ प्रत्येक दाव्यात वेगळा होता. एका काळाबद्दलचा निकाल दुसऱ्या काळाबद्दल काहीच सांगत नाही. "कारण तेच आहे" असे वाटले तरी प्रश्न कोणत्या काळाबद्दल, कोणत्या दस्ताबद्दल, कोणत्या जागेबद्दल विचारला आहे, हे बघावे लागते.

आणखी एक नेहमीचा घोटाळा मनाईच्या दाव्यांत होतो. शेजाऱ्याने बांध कोरला म्हणून नुसत्या मनाई हुकुमाचा दावा आधीच चालू असतो. नंतर मालकी ठरवून ताबा मागणारा दावा येतो. नुसत्या मनाईच्या दाव्यात कोर्ट बहुतेक वेळा ताबा कुणाचा एवढेच पाहते, मालकी पाहिली तरी ती ओघाने. त्यामुळे मालकीचा नंतरचा दावा मनाईच्या दाव्यामुळे थांबत नाही. उलट अनेकदा मालकीचाच दावा आधी चालावा यात दोघांचे हित असते.

कोर्टाच्या अधिकाराची अटही विसरली जाते. आधीच्या कोर्टाला नंतरच्या दाव्यातली दाद देता आली पाहिजे. महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, १९९९ प्रमाणे मालक-भाडेकरू यांच्यातले ताब्याचे दावे ठरावीक कोर्टांपुढेच चालतात, मुंबईत लघुवाद न्यायालयात. भाडेकरूने आधी शहर दिवाणी न्यायालयात दावा लावून ठेवला असेल, तर त्या कोर्टाला घर रिकामे करून देण्याचा हुकूम करता येत नाही, म्हणून लघुवाद न्यायालयातला मालकाचा दावा त्याआधारे थांबणार नाही. कनिष्ठ स्तर आणि वरिष्ठ स्तर दिवाणी न्यायाधीशांच्या आर्थिक मर्यादेचा प्रश्नही असाच तपासा.

तहसीलदार, प्रांत यांच्यापुढचे वाद

गावाकडच्या भांडणात एक दावा कोर्टात आणि एक प्रकरण तहसीलला, असे चित्र सर्रास असते. फेरफाराची तक्रार, प्रांताधिकाऱ्याकडचे अपील, मामलतदार न्यायालय अधिनियम, १९०६ खाली वहिवाटीचा रस्ता अडवल्याची तक्रार, या कार्यवाही कलम १० च्या अर्थाने दिवाणी दावे नाहीत. त्या चालू आहेत म्हणून दिवाणी दावा कलम १० खाली थांबत नाही. फेरफार नोंदीने मालकी ठरतही नाही.

एक महत्त्वाचा अपवाद मात्र मराठी वाचकाला ठाऊक असायलाच हवा. दिवाणी दाव्यात कूळ असण्या-नसण्याचा प्रश्न निघाला, तर महाराष्ट्र कुळवहिवाट व शेतजमीन अधिनियम, १९४८ च्या कलम ८५अ प्रमाणे दिवाणी कोर्टाने तो प्रश्न महसुली अधिकाऱ्याकडे पाठवायचा आणि तोपर्यंत दावा थांबवायचा. ही स्थगिती कलम १० ची नव्हे, स्वतंत्र आहे. कुळकायद्याच्या जमिनीत कलम १० चा अर्ज देण्याआधी हे कलम वाचा.

पक्षकार तेच आहेत का

नावे हुबेहूब जुळावीत असे नाही. वारलेल्याच्या जागी वारस आले, किंवा दावा चालू असताना कुणी मिळकत विकत घेतली, तर ते "त्यांच्याकडून हक्क सांगणारे" होतात. एका दाव्यात एखादे नाव जास्तीचे असले तरी ज्यांच्यात खरा वाद आहे ते दोन्हीकडे असतील तर कोर्ट सहसा अडत नाही. पण नाते बदलले तर अडते. एकाने आधीच्या दाव्यात देवस्थानचा विश्वस्त म्हणून भांडण केले आणि नंतरच्या दाव्यात स्वतः मालक म्हणून, तर माणूस तोच असूनही कायद्याच्या नजरेत तो वेगळा पक्षकार आहे.

अर्ज कुठे, कधी, कसा

अर्ज नंतरच्या दाव्याच्या कोर्टात द्यायचा. आधीच्या कोर्टाकडे "तिकडचा दावा थांबवा" असे मागणारे अर्ज मी पाहिले आहेत. ते फेटाळलेच जातात, आणि मधे तीन-चार महिने वाया जातात.

लवकरात लवकर द्या, पुरावा सुरू होण्याआधी. पण एक चूक करू नका: कलम १० चा अर्ज दिला म्हणजे कैफियतीची मुदत थांबली असे समजू नका. आदेश ८ नियम १ प्रमाणे समन्स मिळाल्यापासून ३० दिवस, आणि कारणे नोंदवून कोर्टाने वाढवले तर ९० दिवसांपर्यंत. अर्जाचा निकाल लागेपर्यंत "नो डब्ल्यू.एस." चा, म्हणजे कैफियतीशिवाय दावा पुढे चालवण्याचा हुकूम झाला तर नुकसान तुमचे. कैफियत आणि अर्ज एकाच दिवशी दाखल करा, आणि कैफियतीतही आधीच्या दाव्याचा उल्लेख करा. सुप्रीम कोर्टाने २००४ च्या निकालात ((२००४) ७ एससीसी २५१) स्पष्ट म्हटले आहे की कलम १० चा अर्ज नुसता दाखल केल्याने कोर्टाचे हात बांधले जात नाहीत.

अर्जाचा साचा असा धरता येईल. कंसातल्या जागा तुमच्या कागदांवरून भरा:

मे. दिवाणी न्यायाधीश, वरिष्ठ स्तर, (ठिकाण) यांचे कोर्टात
विशेष दिवाणी दावा क्र. (…) / (वर्ष)
वादी: (…) विरुद्ध प्रतिवादी: (…)
विषय: दिवाणी प्रक्रिया संहिता, १९०८ कलम १० प्रमाणे दाव्याची सुनावणी स्थगित ठेवणेबाबत.
प्रतिवादी क्र. १ तर्फे विनंतीअर्ज खालीलप्रमाणे:
१. सदर दावा वादीने दि. (…) रोजी दाखल केला आहे.
२. त्यापूर्वी दि. (…) रोजी (…) येथील कोर्टात नियमित दिवाणी दावा क्र. (…) दाखल झाला असून तो आजही प्रलंबित आहे. त्याच्या वादपत्राची, कैफियतीची व रोजनाम्याची प्रमाणित नक्कल यादीसोबत दाखल आहे.
३. दोन्ही दाव्यांतील पक्षकार तेच आहेत / एकमेकांकडून हक्क सांगणारे आहेत. (नावे व नाते)
४. दोन्ही दाव्यांतील मिळकत एकच आहे. (गट नंबर, क्षेत्र, चतुःसीमा)
५. दोन्ही दाव्यांत प्रत्यक्ष व मुख्यत्वेकरून पुढील प्रश्न निर्णयासाठी आहेत. (प्रत्येक प्रश्न, व तो दोन्ही वादपत्रांतील कोणत्या परिच्छेदात आहे)
६. सदर दाव्यात मागितलेली दाद देण्याचा अधिकार आधीच्या दाव्याच्या कोर्टास आहे. (कारण)
७. आधीच्या दाव्यातील अखेरचा निर्णय सदर दाव्यात पूर्वन्याय ठरेल.
सबब, आधीच्या दाव्याचा अखेरचा निकाल लागेपर्यंत सदर दाव्याची सुनावणी स्थगित ठेवावी, ही विनंती.
(ठिकाण, दिनांक, सही, सोबत शपथपत्र)

परिच्छेद ५ हाच अर्जाचा कणा. "दोन्ही दाव्यांचा विषय एकच आहे" असे एका ओळीत उरकलेले अर्ज कोर्टाला काहीच देत नाहीत. परिच्छेद क्रमांक देऊन दोन्हीकडचे वाक्य शेजारी मांडले, की न्यायाधीशांना दोन फायली उलटीसुलटी कराव्या लागत नाहीत. तुमचा मोठा कागद इथे कामी येतो. तोच तक्ता करून अर्जाला जोडा.

अर्ज दाखल झाला की वादीला "से", म्हणजे अर्जावरचे लेखी म्हणणे, देण्यास सांगितले जाते. त्यात हमखास येणारे आक्षेप असे: दाद वेगळी आहे, कारण वेगळे आहे, मिळकत जास्त आहे, आधीचा दावा संगनमताने लावला आहे. दाद वेगळी असणे एवढ्याने अर्ज पडत नाही, मुद्दा एक आहे की नाही हे बघायचे असते. मिळकत जास्त असल्याचा आक्षेप मात्र गंभीर आहे. त्याला खरे उत्तर नसेल तर युक्तिवाद ताणू नका, खाली सांगितलेल्या एकत्रीकरणाच्या वाटेकडे वळा.

स्थगिती मागत असताना मनाई हुकूम

कलम १० मुळे थांबते ती सुनावणी. तातडीचे अंतरिम हुकूम थांबत नाहीत. इंडियन बँक विरुद्ध महाराष्ट्र राज्य सहकारी पणन महासंघ या १९९८ च्या निकालात ((१९९८) ५ एससीसी ६९) सुप्रीम कोर्टाने हे सांगितले आहे. नंतरच्या दाव्यातही तात्पुरती मनाई, रिसीव्हर (मिळकत सांभाळायला कोर्टाने नेमलेला माणूस), जप्ती असे हुकूम होऊ शकतात. त्यामुळे बहिणीचा पुण्याचा दावा थांबला, तरी भाऊ सदनिका विकायला निघाला तर ती निशाणी ५ चा अर्ज चालवू शकते. उलट प्रतिवादीने समजून असावे की स्थगिती मिळाली म्हणून मिळकतीचे काहीही करायला मोकळीक मिळत नाही.

तिसऱ्याच्या हाती मिळकत जाण्याची भीती असेल तर दावा प्रलंबित असल्याची नोटीस, लिस पेंडन्स, दुय्यम निबंधकाकडे नोंदवून घ्या. मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५२ ला १९३९ मध्ये झालेल्या मुंबईच्या दुरुस्तीप्रमाणे मुंबईतल्या मिळकतींना हे संरक्षण नोटीस नोंदवली असेल तरच मिळते. राज्यात इतरत्र तुमच्या भागाला काय लागू आहे ते वकिलांना विचारा, आणि शंका असेल तर नोंदवूनच टाका. त्याचा खर्च नव्या खरेदीदाराशी पाच वर्षे भांडण्यापेक्षा कितीतरी कमी.

हुकूम विरोधात गेला तर

कलम १० वरच्या हुकुमाविरुद्ध अपील नाही. १ जुलै २००२ पासून लागू झालेल्या दुरुस्तीनंतर कलम ११५ खालचे रिव्हिजनही (हायकोर्टाकडून हुकुमाची फेरतपासणी) बहुतेक बंद, कारण हा हुकूम दुसऱ्या बाजूने झाला असता तरी दावा संपला नसता. वाट उरते ती संविधानाच्या अनुच्छेद २२७ खाली हायकोर्टात रिट याचिकेची. पुण्याच्या कोर्टाचा हुकूम असेल तर मुंबईला, सातारा जिल्ह्यातल्या कोर्टाचा असेल तर १८ ऑगस्ट २०२५ पासून सुरू झालेल्या कोल्हापूर सर्किट बेंचपुढे. हायकोर्ट इथे पुरावा नव्याने तपासत नाही, उघड चूक शोधते. दोन्ही वादपत्रांच्या नकला आणि तुमचा तक्ता खालच्या कोर्टाच्या रेकॉर्डवर नसेल तर हायकोर्टातही हात रिकामेच राहतात.

स्थगिती मिळाली तर

दुसरा दावा दप्तरात झोपतो, आणि पक्षकारही झोपतात. असे होऊ देऊ नका. थांबलेल्या दाव्यालाही तारखा पडतात. प्रत्येक तारखेला आधीच्या दाव्याची स्थिती पुरसिसने, म्हणजे कोर्टाला दिलेल्या छोट्या लेखी निवेदनाने, कळवत राहा. पक्षकार वारला तर वारस मुदतीत दाखल करा, स्थगिती असली तरी. आधीचा दावा मागे घेतला गेला किंवा गैरहजेरीत निकाली निघाला, तर स्थगितीचा आधारच जातो. ती माहिती लगेच कोर्टापुढे ठेवून दावा पुढे चालवून मागा.

थांबवण्यापेक्षा एकत्र चालवणे

स्थगिती मागण्याआधी स्वतःला विचारा, वाट पाहण्याचे ओझे कुणावर पडणार? वाटपाचे दावे लवकर संपत नाहीत. थोरला भाऊ जमीन कसतो आहे, सदनिकेचे भाडे घेतो आहे, त्याला घाई नाही. बहिणीला मात्र प्रत्येक वर्ष भारी. अशा वेळी स्थगिती तिच्यावर अन्याय करते, आणि आपल्या उदाहरणात ती कायद्यातही बसत नाही. तिथे दोन्ही दावे एका कोर्टात आणणे हाच खरा मार्ग, आणि दोघांच्याही वकिलांनी तो आधी पाहावा असे मला मनापासून वाटते.

एकाच जिल्ह्यातले दोन दावे असतील तर कलम २४ प्रमाणे जिल्हा न्यायाधीशांकडे अर्ज करा. दोन जिल्ह्यांतले असतील, जसे पुणे आणि सातारा, तर हायकोर्टाकडे. वेगवेगळ्या राज्यांतले असतील तर कलम २५ प्रमाणे सुप्रीम कोर्टाकडे. सावंतवाडी आणि पेडणे अशा दोन राज्यांत दावे असले, तरी महाराष्ट्र आणि गोवा यांचे हायकोर्ट एकच आहे. दोन राज्यांचे हायकोर्ट एकच असेल तर कलम २४ खाली तेच हायकोर्ट दावा हलवू शकते, असे सुप्रीम कोर्टाने २०२३ मध्ये नागालँडमधल्या एका प्रकरणात ठरवले आहे. सीमेवरच्या कुटुंबांचा दिल्लीचा फेरा त्यामुळे वाचतो.

दोन्ही दावे एका कोर्टात आले की कलम १५१ खाली एकत्रीकरणाचा अर्ज द्या. चितीवलसा ज्यूट मिल्सच्या प्रकरणात ((२००४) ३ एससीसी ८५) सुप्रीम कोर्टाने, संहितेत वेगळी तरतूद नसली तरी कोर्ट हे करू शकते, असे म्हटले आहे. पुरावा एकदाच नोंदवला जातो, तो दोन्हींत वाचला जातो, आणि विसंगत निकालांची भीती राहत नाही. हक्कसोडपत्रावर सही करताना साक्षीदार असलेल्या सत्तर वर्षांच्या मामांना दोन कोर्टांत दोनदा उलटतपासणीला उभे राहावे लागत नाही.

दोन्ही बाजू तयार असतील तर हे पुरसिसनेही होते: "दोन्ही दावे एकत्र चालवावेत, पुरावा आधीच्या दाव्यात नोंदवावा, यास आमची हरकत नाही." कलम १० हा कार्यपद्धतीचा नियम आहे, पक्षकारांना तो सोडता येतो. त्यामुळे असा मसुदा हातात घेऊन समोरच्या वकिलांना पुढच्या तारखेआधी एक फोन करा.